एका नावाची यादी

३ फेब्रुवारी

धाकट्या,

मायना काय लिहावा हे दोन दिवस ठरेना, म्हणून नुसतंच धाकट्या लिहिते. चिरंजीव लिहावं तर तू पन्नाशी ओलांडलीस, आणि प्रिय लिहायचा हक्क मला उरलाय की नाही, हे तू ठरवायचंस. पत्ता आत्यानं दिला. फोन नंबर मागितला तर म्हणाली, फोनवर तू भाषण करशील आणि तो ठेवून देईल; पत्र निदान बाजूला ठेवून परत हातात घेता येतं.

काम आहे म्हणून लिहिते. जुनं उकरायला नाही.

कामगार भवनाच्या तळमजल्यावरचं वाचनालय तुला आठवत असेल. छापखाना बंद होऊन नऊ वर्षं झाली, संघटना वर्षाच्या सभेपुरती उरली, पण वाचनालय मी चालवते, रोज दुपारी तीन ते सात. पुस्तकांना हल्ली कमी हात लागतात. लोक येतात ते फॉर्म भरायला. आज माणसाला जगायचं तर नेटवरून अर्ज करावा लागतो. ज्याच्या घरी नेट नाही तो माणसांतच जमा नाही. पलीकडच्या गल्लीत हॉस्पिटलात काम करणारी एक आया आहे. सोळा वर्षं रोग्यांची अंथरुणं बदलली तिनं, आता नर्सिंगची परीक्षा द्यायची म्हणते. परीक्षेचा अर्ज फक्त नेटवर, मुदत मार्चअखेर.

तर आमच्याकडे अकरा कॉम्प्युटर आहेत. हसू नकोस. हो, मी आणि कॉम्प्युटर. एका शाळेनं नवे घेतले, जुने आम्हाला दिले. सोबत बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात चौदा डोंगल. डोंगल म्हणजे काय हे तुला सांगायला नको, पण मला साठीनंतर शिकावं लागलं म्हणून मिरवते: अंगठ्याएवढी कांडी, कॉम्प्युटरच्या यूएसबीच्या खाचेत खोचली की भवनातल्या वायफायचं नेट हवेतून मिळतं. वायर ओढायला सामाईक भिंत फोडावी लागते आणि शेजारी ती फोडू देत नाहीत, म्हणून आमचा सगळा भरवसा या कांड्यांवर. प्रत्येकीबरोबर एक सीडी होती आणि जुन्या सिस्टिमवर त्या चालायच्या. पण जुन्या सिस्टिमवर आता कुठलीच साइट उघडत नाही, म्हणून वरच्या विमा कार्यालयातल्या तंत्रज्ञानं सगळीकडे लिनक्स नावाची नवी, फुकटची सिस्टिम घातली. ती झकास पळते. फक्त डोंगलला ओळख देत नाही, आणि ती सीडी तिला कळतच नाही. तंत्रज्ञ हात झटकून म्हणाला, "बाई, हे भंगारात घाला."

भंगार! चालत्या वस्तूला भंगार कोण म्हणतो? ज्याला ती चालवायचे कष्ट नकोत तो. कांडीचा दिवा लागतो, कांडी गरम होते, तिच्या अंगात जीव आहे. तिची भाषा समोरच्याला येत नाही म्हणून ती मेली असं ठरवायचं? असंच एकदा माणसांच्या बाबतीत

जाऊ दे. आत्याचं ऐकते.

तीस मार्चला सभा आहे. अध्यक्षांनी सगळ्यांसमोर सांगितलंय: त्या दिवशी कॉम्प्युटरवर नेट चालवून दाखवा, नाहीतर खोली कुरिअरवाल्यांना माल ठेवायला देऊ. आठ आठवडे हातात आहेत. या विषयातलं तुझ्याइतकं कळणारं माणूस माझ्या माहितीत नाही.

ताई

१४ फेब्रुवारी

धाकट्या,

तुझं उत्तर मिळालं. मायना नाही, सही नाही, अर्ध्या कागदावर आठ कलमं. मला आपण म्हणून लिहिलंयस. "आपण प्रत्येक डोंगल स्वतंत्रपणे लावावा." बँकेचं पत्र वाटलं. सातवं कलम, "उत्तरात भाषण नको," हे मात्र तुझंच.

सांगितलंस तसं केलं. एकेक डोंगल लावला, तू दिलेला शब्द टंकला, आणि पडद्यावर जी ओळ आली त्यातली आठ अक्षरं उतरवून घेतली. उतरवली भिंगकाकांनी. त्यांना तू विसरला नसशील. आपल्या छापखान्यात हातानं शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्यांतले सगळ्यात बारीक नजरेचे. आता एकाहत्तर वय आहे आणि भिंगाशिवाय दुकानाची पाटीसुद्धा वाचत नाहीत. रोज तीनला येतात, टोपी काढतात, पुस्तकांकडे पाठ करून कॉम्प्युटरसमोर बसतात.

त्यांनी एक गोष्ट शोधली. चार डोंगल एकाच नावाचे, एकाच रंगाचे, एकाच कंपनीचे. दोघांची अक्षरं एक, दोघांची दुसरीच. काकांनी भिंगाखाली धरून पाहिलं तर पाठीवर मुंगीच्या पावलाएवढ्या अक्षरांत दोघांवर एकचा आकडा, दोघांवर दोनचा. म्हणाले, "खिळा वरून सारखा दिसतो हो, पण ही वेगळी ओतणावळ आहे." तर पोटातली चिप वेगळी, बरोबर? यादी सोबत जोडली आहे. शून्य आणि ओ यांत गोंधळ नको म्हणून काकांनी शून्याच्या पोटात रेघ मारली आहे.

आता तुझ्या सातव्या कलमाबद्दल. भाषणाचा टोमणा मारलास म्हणून बोलते, एरवी बोलणार नव्हते. बावीस वर्षांपूर्वी फाटकासमोर मी म्हणाले होते की माझ्या पाठच्या भावानं चाळीस घरांच्या चुली विझवायचं यंत्र आत आणलंय. तू त्याच फाटकाच्या आत मेकॅनिक होतास आणि मालकानं अक्षरजुळणीचे कॉम्प्युटर तुझ्या हातून बसवून घेतले होते. मी संघटनेची सरचिटणीस होते. भाऊ म्हणून गप्प बसले असते तर कोणत्या तोंडानं त्या चाळीस जणांपुढे उभी राहिले असते? आणि खोटं काय बोलले? तीन वर्षांत चाळिसातला एकही कामावर उरला नाही. त्या वाक्यातला एक शब्द मी मागे घेणार नाही.

तू कागद बाजूला ठेवला असशील. परत हातात घे. पुढं काय करायचं ते कळव.

ताई

२८ फेब्रुवारी

धाकट्या,

अडलोय.

तू लिहिलंस की चौदापैकी नऊ कांड्या एका घराण्यातल्या आहेत आणि त्यांना चालवणारा ड्रायव्हर, म्हणजे सिस्टिमला त्यांची भाषा समजावणारा दुभाष्या, नव्या सिस्टिमच्या पोटातच बसलेला आहे. त्याला फक्त नावानं हाक मारायची. नावही दिलंस. आरटीएल, मग आठ, मग तीन एक्स, मग यू.

आमच्याकडे पुस्तकाच्या मजकुरात पृष्ठक्रमांक नंतर बसवायचा असला की त्या जागी फुल्या ठेवायचे. "पाहा पृष्ठ फुली फुली फुली." शेवटच्या प्रुफाला आकडे आले की बसवायचे. भिंगकाकांनी तीस वर्षं हेच केलं, मी प्रुफं तपासत होते तेव्हा मीही. तर आम्ही दोघांनी तुझे तीन एक्स म्हणजे फुल्याच धरल्या आणि त्यांच्या जागी आकडे बसवायला घेतले. कांड्यांच्या पाठीवरचे सगळे आकडे घालून पाहिले. प्रत्येक वेळी एकच उत्तर, असं कुणी सापडत नाही. तीन दिवस हेच. काकांनी वहीत रकाने आखले, एकही आकडा दोनदा नको म्हणून.

आया संध्याकाळची पाळी गाठण्याआधी अर्धा तास येऊन बसते. तिनं पडद्यावर डोकावून विचारलं, यात शिवी आहे का, फुल्या का घातल्यात. काका म्हणाले, धाकट्यांच्या मनात आपल्या संघटनेबद्दल जे आहे ते छापण्याजोगं नसणार, म्हणून फुल्या. मला हसू आलं, मग आलं नाही.

फुल्यांच्या जागी काय घालायचं ते लगेच कळव. महिना उरला आहे.

ताई

९ मार्च

धाकट्या,

"फुल्या तशाच ठेवा. त्या नावातल्याच आहेत. अख्ख्या घराण्याला मिळून एक नाव दिलंय, कुणी बाहेर राहू नये म्हणून."

तुझ्या लांबलचक कलमांत हे एक वाक्य मी पाच वेळा वाचलं. आकडा घातला की एकच आत येतो आणि फुली ठेवली की सगळे. मी शेकडो भाषणांत जे सांगायला तासभर घ्यायची, ते तीन फुल्यांत बसलं होतं आणि मी ते खोडून आकडे भरत होते.

काकांनी फुल्यांसकट नाव टंकलं. आधी काहीच झालं नाही. मग कांडीचा हिरवा दिवा लुकलुकला, कोपऱ्यात पंख्यासारखी खूण आली आणि आमच्या नेटचं नाव दिसलं. काका उठून उभे राहिले. कुणी आत आल्यावर उठतात तसे. मग टोपी घातली, परत काढली, आणि म्हणाले, "चहा सांगा."

पण नेट टिकत नाही. दहा मिनिटांनी तुटतं, मग परत लावा, परत दहा मिनिटं. त्याचं कारण तू सहाव्या कलमात आधीच लिहिलं होतंस. सिस्टिममध्ये या कांड्यांवर हक्क सांगणारा आणखी एक जुना ड्रायव्हर आहे. यंत्र सुरू झालं की तो आधी धावतो, कांडी पकडून बसतो आणि काम अर्धवट करतो. म्हणून एक फाइल करायची, तीत ब्लॅकलिस्ट हा शब्द आणि पुढं त्याचं नाव. म्हणजे त्याला काळ्या यादीत टाकायचं.

हे मी करणार नाही.

तुला हसू येईल. यंत्रातल्या एका नावाचा काय एवढा पुळका! पण मालकांच्या काळ्या यादीनं किती घरं उठवली ते मी पाहिलंय. एका छापखान्यानं काढलेला माणूस दुसऱ्या छापखान्याच्या दारात गेला की तिथं त्याचं नाव आधीच पोचलेलं असायचं. कुणी ओरडायचं नाही, कुणी मारायचं नाही. नुसतं म्हणायचे, जागा नाही. तो शब्द मी माझ्या हातानं लिहिणार नाही, यंत्रासाठीसुद्धा नाही. दुसरा मार्ग असला तर सांग.

ताई

१८ मार्च

धाकट्या,

तुझं पत्र काल आलं. या वेळी कलमं नाहीत. चारच ओळी.

"तो ड्रायव्हर वाईट नाही. त्याला काढून टाकत नाही, फक्त थांब म्हणतो, म्हणजे दुसऱ्याला पाळी मिळते. फाइलमधली ओळ खोडली की तो परत येतो. माणसांच्या यादीत ती सोय नव्हती."

मागच्या पत्रात मी मालकांच्या यादीबद्दल पानभर लिहिलं. माझ्या यादीबद्दल एक अक्षर लिहिलं नाही. तू तेही लिहिलं नाहीस. पहिल्या पत्रापासून तू वाट पाहत होतास की मी कधी लिहीन, असं आता वाटतं. आज लिहिते.

त्या रविवारच्या भाषणाबद्दल माझं मत बदललेलं नाही. यंत्राविरुद्ध बोलणं माझं काम होतं. भाषणानंतरच्या बुधवारी जे केलं ते माझं काम नव्हतं. मी संघटनेच्या कागदावर एक पत्रक लिहिलं आणि शहरातल्या नऊ छापखान्यांतल्या आपल्या शाखांना पाठवलं, की या माणसाला कुठल्याही छापखान्यानं कामावर घेतलं तर तिथलं काम त्याच दिवशी बंद पडेल. पत्रकाचं शीर्षक होतं, कामावर न घ्यावयाच्या व्यक्तींची यादी. यादी म्हणायला त्यात एकच नाव होतं.

कार्यकारिणीनं ठराव केला नव्हता. मी एकटीनं केलं. भाषणानंतर एक-दोघं मला म्हणाले होते की भाऊ आहे म्हणून तुम्ही नुसत्या शब्दांवर सोडलंत. ते मला सहन झालं नाही. माझ्या तत्त्वावर कुणी बोट ठेवू नये म्हणून मी यादीत तुझं नाव घातलं.

तू पाच दारं फिरलास असं नंतर कळलं. सहाव्या दारी गेला नाहीस, गावच सोडलंस. लोकांना सांगितलं की मालकानं तुला दुसरीकडे मोठी जागा दिली. हे माझ्या कानावर आलं तेव्हा मला कळलं होतं की तू मला झाकतो आहेस. तरी मी गप्प बसले, आणि पुढं बावीस वर्षं काळ्या यादीविरुद्ध बोलत राहिले. बोलणं चांगलं व्हायचं. लोक टाळ्या वाजवायचे.

तू लिहितोस, माणसांच्या यादीत ओळ खोडायची सोय नव्हती. होती रे. दुसरं पत्रक काढायला एक कागद लागला असता. मी काढला नाही.

फाइल केली. ब्लॅकलिस्ट हा शब्द मी स्वतः टंकला, काकांना हात लावू दिला नाही. दोन तास नेट एकदाही तुटलं नाही.

क्षमा पत्रातून मागत नाही. जे चार लोकांत लिहून पाठवलं, ते बंद पाकिटात मागं घेणं म्हणजे पळवाट. तीस तारखेला सभा आहे.

ताई

३१ मार्च

धाकट्या,

तुझं उत्तर आलेलं नाही. येईल किंवा येणार नाही. काल काय झालं ते तुला सांगायलाच हवं.

त्रेसष्ट सभासद आले होते. वाचनालयाची दारं काढून बाहेरच्या हॉलमध्ये खुर्च्या टाकल्या. अकरा कॉम्प्युटरांपैकी नऊ नेटवर होते. दोन नाही आले. त्यांत वेगळ्या घराण्यातल्या कांड्या आहेत आणि त्यांचा दुभाष्या आम्हाला अजून सापडलेला नाही. मी ते लपवलं नाही. अध्यक्षांनी आल्याआल्या विचारलं, "सगळे का नाहीत?" काका म्हणाले, "साहेब, तुमचेसुद्धा सगळे दात नाहीत, जेवताच की." हॉल हसला आणि अध्यक्षही हसले.

मग आयेनं सगळ्यांसमोर परीक्षेचा अर्ज भरला. आम्ही आधी भरून ठेवला नव्हता. तिनंच नको म्हटलं होतं. फोटो चढवताना साइट अडली. तिनं परत चढवला. तिसऱ्या वेळी घेतला. अर्ज पोचल्याचा क्रमांक पडद्यावर आला तेव्हा तिनं तो मोठ्यानं वाचला, एकेक आकडा, पाठ करत असल्यासारखा.

खोली वाचली असं मला तेव्हाच दिसत होतं. मला दहा मिनिटं दिली होती, वाचनालय का हवं यावर. मी गप्प बसले असते तरी ठराव झाला असता. उठून बोलले तर निम्मा हॉल बिथरेल, हेही कळत होतं. समोर बसलेल्यांपैकी बरेच जण त्या रविवारी फाटकासमोर होते. त्यांच्या आयुष्यातली एक गोष्ट त्यांना खरी वाटत आलेली आहे, की आपल्या बाईंनी सख्ख्या भावालासुद्धा सोडलं नाही.

संघटनेच्या कपाटातून ते पत्रक काढून आणलं होतं. वाचलं. तारीख, शीर्षक, तुझं नाव, खाली माझी सही. मग सांगितलं की हा ठराव नव्हता, हा माझा गुन्हा होता. यंत्राविरुद्ध बोलायचा मला अधिकार होता, माणसाची भाकरी तोडायचा नव्हता. मालकाच्या हातातली यादी आणि माझ्या हातातली यादी यांत फरक आहे असं मी बावीस वर्षं तुम्हाला भासवलं, फरक काही नव्हता. तुझं नाव खोडलं, खाली तारीख घातली, आणि कागद अध्यक्षांच्या हातात दिला की इतिवृत्ताला जोडा. दहापैकी चार मिनिटं लागली. आयुष्यातलं सगळ्यात छोटं भाषण.

टाळ्या नाहीत. जुना मशीनमन पहिल्या रांगेतून उठला. म्हणाला, "तेव्हाच सांगायचं होतं. आम्ही त्याच्या तोंडावर थुंकलो होतो." आणि निघून गेला. मी त्याला अडवलं नाही. काय म्हणून अडवणार?

त्यानंतर भिंगकाका उभे राहिले. ते सभेत कधीच बोलत नाहीत. मला वाटलं, अध्यक्षांना काहीतरी चिमटा काढतील. पण ते माझ्याकडे बघून बोलले, आणि मी शब्दाला शब्द लिहिते.

"भाषणाच्या आदल्या दिवशी, शनिवारी, धाकट्यांनी मला जिन्यात गाठलं होतं. म्हणाले, मालक सहा जणांना कॉम्प्युटरवर जुळणी शिकवायला तयार आहे, मी भांडून कबूल करून घेतलंय, तुमचं नाव पहिलं घालतो, येता का? मी म्हणालो, सोमवारी येतो. रविवारी तुम्ही बोललात."

मी विचारलं, "मग सोमवारी का नाही गेलात?"

"तुमचं भाषण फार चांगलं झालं होतं," काका म्हणाले.

सहा जणांचं मला माहीत नव्हतं. तू सांगायला आला असशील. मी तुला दारात उभं केलं नव्हतं, हे आठवतं.

मतदान झालं. पस्तीस विरुद्ध सव्वीस. आपल्या बाजूची मतं मी मोजली होती त्याहून कमी पडली. ती माझ्यामुळे गेली आणि त्यांचं मला वाईट वाटत नाही. वाचनालय राहिलं. आज तीन वाजता मी कुलूप काढलं तेव्हा आया आधीच पायरीवर बसली होती, आणि तिच्याबरोबर तिच्या वॉर्डातल्या आणखी दोघी. काकांनी तिघींना तीन यंत्रांवर बसवलं. शिकवताना आवाज चढवत नाहीत. चुकलं की नुसतं भिंग पुढं करतात.

मी तुझ्याकडे काही मागत नाही. पण मी हे लिहीत असताना काका समोर बसलेत आणि म्हणतात, शेवटी माझं घाला. मी म्हटलं, तुम्हीच लिहा. ते म्हणाले, मी आयुष्यभर दुसऱ्यांचं जुळवलं, स्वतःचं सांगायची सवय नाही, तुम्ही उतरवा आणि मधे स्वतःचं काही घालू नका. तर हे त्यांचं:

"धाकटे, सोमवारी येतो म्हणालो आणि आलो नाही. मी तयार आहे. दोन कांड्या अजून बंद आहेत. कुठल्या सोमवारी येताय?"